अक्काच्या रांगोळीचा अर्थ

चैत्रातल्या एका शनिवारी अक्का उठली, अंगणात सडा घातला, आणि रांगोळी न काढता घरात आली.

आईने स्वयंपाकघरातून विचारले, "झाली काढून?" अक्का म्हणाली, "नाही." आईला वाटले, रांगोळी संपली असेल. तिने डबा उघडून पाहिला. डबा भरलेला होता. मग आई माझ्याकडे पाहू लागली, आणि मी खाली पाहिले, कारण मला कारण ठाऊक होते आणि ते आईला समजेल अशा शब्दांत सांगता येण्यासारखे नव्हते.

अक्का माझी थोरली बहीण. तिला कल्याणला दिली होती. लग्नाला तीनचार वर्षे झाल्यावर तिच्या नवऱ्याने तिला एका दुपारी आमच्या डोंबिवलीच्या घरी आणून सोडले, पाणी प्यायला, आणि पुन्हा न्यायला आला नाही. कारण त्याने सांगितले नाही आणि आमच्याकडून विचारायला जाणारे वडील तेव्हा राहिले नव्हते. तो कल्याणातच होता. गाडीने मधे एकच स्टेशन. पण ते अंतर कोणाला कापता आले नाही. अक्काच्या कपाळी कुंकू होते, गळ्यात मंगळसूत्र होते, त्यामुळे हळदीकुंकवाला तिला बोलावणे येई. बोलावणे येई, पण कुंकू लावताना बोट तिच्यापाशी शेवटी येई. हे कोणी ठरवून केले नव्हते. आमच्याकडे अशा गोष्टी ठरवाव्या लागत नाहीत.

चैत्र महिना मात्र अक्काचा होता. तृतीयेला गौर झोपाळ्यात बसते ती अक्षय्य तृतीयेपर्यंत, आणि तेवढे दिवस रोज दारात चैत्रांगण काढायचे. गेरूने सारवलेल्या चौकोनात पांढऱ्या रेघेने मधे मखरातली गौर, वर सूर्य आणि चंद्र, मग शंख, चक्र, कमळ, कासव, नाग, मोर, अंबारीचा हत्ती, पाळणा, तुळशीवृंदावन, फणी, आरसा, करंडा, गोपद्मे, लक्ष्मीची पावले. घरोघर हेच. ज्या बाईला चित्रकलेचा गंध नाही तीही हेच काढते; तिचे कासव भाकरीसारखे दिसते एवढेच. आईने अक्काला शिकवले, आजीने आईला शिकवले. यात कोणी आपल्या मनाचे काही घालत नाही आणि कोणी काही वगळत नाही. वगळले तर शेजारीण दारातूनच सांगते, "अगं, यंदा तुझी फणी कुठे गेली?"

पण अक्काचा हात वेगळा होता. ती चिमटीतून रांगोळी सोडी तेव्हा रेघ कुठे सुरू झाली आणि कुठे संपली ते दिसत नसे. मी दंतमंजन तोंडात धरून उंबऱ्यावर बसून बघत असे. मी त्या वेळी ठाण्याच्या एका शाळेत शिक्षक होतो. पुस्तके वाचणारा, सौंदर्यावर चार निबंध वाचलेला. त्या निबंधांत जे लिहिले होते ते मला दारात कधी आठवले नाही. बघता बघता मनातली रोजची कटकट थांबे. अक्का कासवाचे पाय काढी, मी बघे, एवढेच होई. मला त्याहून जास्त काही नको होते आणि तिलाही काही नको होते. चाळीतल्या बायका यायच्या आणि म्हणायच्या, "हिच्या हाताला काय आहे कोण जाणे." कोण जाणे म्हणायच्या आणि तिथेच थांबायच्या. कोण जाणे म्हणून थांबणे हे किती मोठे शहाणपण आहे ते मला पुढे कळले.

आमच्या चाळीच्या पलीकडच्या घरात एक प्रोफेसर राहत. मुंबईच्या एका कॉलेजात ते मानसशास्त्र शिकवत. उंच, स्वच्छ, कोणाशीही वाकडे न बोलणारे. त्यांना मनोविश्लेषणाचा नाद होता. नाद हा शब्द मी मुद्दाम वापरतो; अभ्यास म्हणायला मी आता तयार नाही. माणसाच्या मनात एक तळघर असते, त्यात दडपलेल्या इच्छा असतात, आणि त्या स्वप्नांतून, चुकांतून, कलेतून वेष पालटून वर येतात, हे ते गावातल्या शिकलेल्या मंडळींना समजावून सांगत. मंडळी खूष असत. बँकेतले, रेल्वेतले, सचिवालयातले लोक. दिवसभर दुसऱ्याच्या हुकमाखाली काम करून आल्यावर दुसऱ्याच्या तळघरात डोकवायला मिळाले तर कोणाला नको असते?

सकाळी स्टेशनकडे जाताना प्रोफेसर आमच्या अंगणापाशी थबकत. आईला त्याचा अभिमान वाटे. "एवढा शिकलेला माणूस, पण थांबून बघतो हो," असे ती विहिरीवर सांगे. थांबून बघत हे खरे. अक्काशी ते एक शब्दही बोलले नाहीत, हेही तितकेच खरे.

त्या वर्षी वाचनालयाने वसंतातली व्याख्याने ठेवली होती, आणि एक संध्याकाळ प्रोफेसरांची होती. विषय होता कला आणि सुप्त मन. मी ठाण्याहून शाळा सुटल्यावर सरळ तिथे गेलो. जागा मिळाली ती मागच्या बाकावर. पुढे सगळे ओळखीचे. बायका पाचसहा, एका बाजूला. आई आणि अक्का आल्या नव्हत्या. गौरीपुढे दिवा ठेवून दोघी कोणाच्या येण्याची वाट बघत बसलेल्या असत.

पहिला अर्धा तास चांगला गेला. मग प्रोफेसर म्हणाले की परदेशी चित्रकारांची उदाहरणे आपल्याला परकी वाटतील, तेव्हा जवळचे घेऊ. आणि त्यांनी फळ्यावर खडूने काढायला सुरुवात केली. पाळणा. नाग. फणी आणि आरसा. आत येणारी पावले. त्यांची रेघ अगदीच बेताची होती, पण काय काढत आहेत ते पहिल्या नागालाच मला कळले.

ते म्हणाले, ही आपल्याच गावातली एक स्त्री आहे. तरुण. पतीपासून दूर. ती रोज पहाटे, न चुकता, हीच चित्रे काढते. रोजची ही पुनरावृत्तीच पाहा. पाळणा आहे, आणि तो रिकामा आहे. फणी-आरसा, म्हणजे जो शृंगार पाहायला कोणी नाही. आणि मग नाग. नागाबद्दल ते जे बोलले ते मी लिहीत नाही. त्यांनी ते अतिशय सभ्य भाषेत सांगितले. पुढच्या रांगेत कोणीतरी खाकरले आणि त्या खाकरण्यात हसू होते.

त्या सभागृहातल्या जवळजवळ प्रत्येकाच्या दारात त्या दिवशी सकाळी नाग होता. प्रत्येकाच्या बायकोने, आईने, सुनेने तो काढला होता. त्यावरून उडी मारून ते कामाला गेले होते. पाळणा तर सगळ्यांचाच रिकामा असतो, रांगोळीतली गौर मखरात बसते म्हणून. आणि तरी ती माणसे माना हलवत होती. हे मला आजही समजत नाही आणि आजही सहन होत नाही. प्रोफेसरांना कळत नव्हते असे धरून चालू. ते लहानपणापासून बोर्डिंगात, मग कॉलेजात, मग पुस्तकांत. पण बाकीच्यांना? आपल्या घरची वस्तू फळ्यावर काढली आणि तिला पुस्तकातले नाव दिले, तर ती आपल्या घरची आहे हेच ते विसरले. आमच्या वर्गाची ही खोड आहे. घरात जे रोज दिसते त्याला आम्ही ज्ञान म्हणत नाही, आणि छापून परत आले की त्याच्यापुढे हात जोडतो.

मी उभा राहिलो. मला सभेत बोलायची सवय नव्हती, अजूनही नाही. अध्यक्ष म्हणाले, प्रश्न शेवटी. मी बसलो नाही. मी म्हणालो, "प्रोफेसरसाहेब, हे चैत्रांगण आहे. हा नाग सगळ्यांच्या दारात आहे. तुमच्याही दारात आहे, आज सकाळी वहिनींनी काढलेला मी पाहिला."

 मला वाटले, आता कोणीतरी म्हणेल, अहो, खरेच की. प्रोफेसरांनी खडू खाली ठेवला, हात झटकले, आणि फार मायेने माझ्याकडे पाहिले.

"तुम्हाला राग आला आहे," ते म्हणाले. "येणारच. ज्याला आपले मन मान्य करायला तयार नसते त्याच्याविरुद्ध असाच राग उठतो. शास्त्रात याला प्रतिकार म्हणतात. मी याहून चांगले उदाहरण शोधूनही देऊ शकलो नसतो."

टाळ्या पडल्या. कुत्सित टाळ्या नव्हत्या त्या, कौतुकाच्या होत्या. माझ्या शेजारचे गृहस्थ मला हळूच म्हणाले, "बसा मास्तर, मनाला लावून घेऊ नका." आणि ज्यांना आतापर्यंत ती स्त्री कोण हे कळले नव्हते त्यांनाही आता कळले.

मी बाहेर आलो. हो म्हटले तर हो आणि नाही म्हटले तरी हो, असा हा कोणता न्याय? गावच्या पंचायतीतसुद्धा आरोपीला एकदा तरी नाही म्हणू देतात.

दुसऱ्या दिवशी विहिरीवर बातमी पोचली. पुरुषांनी घरी जाऊन सांगितले, बायकांनी ते सोपे करून घेतले. अक्का कळशी घेऊन आली तेव्हा हसत होती. मला म्हणाली, "काय रे, माझा नाग फळ्यावर गेला म्हणे?" आणि पुन्हा हसली. "अरे, नाग नाही काढला तर आईच पुसून परत काढायला लावेल. त्यांना कोणी सांगितलं नाही का?" मी म्हणालो, सांगितले. "मग?" मी तिच्या हातातली कळशी घेऊन आत नेली.

त्याच दुपारी प्रोफेसरांच्या पत्नी आल्या. कैरीची डाळ आणली होती. झाकण काढता काढता म्हणाल्या, "आमच्याकडचं मनावर घेऊ नका हो. आमटीत मीठ कमी पडलं तरी त्याला माझं बालपण कारण असतं." अक्का खळखळून हसली. आईही हसली, तिला कळले नव्हते तरी. मग अक्काने सहज विचारावे तसे विचारले, "वहिनी, तुम्ही नाग काढता ना अजून?"

"काढते की," त्या म्हणाल्या. "माझा कोण बघतंय?"

त्या भल्या बाई होत्या. त्या वाक्यात त्यांनी काही डिवचले नव्हते. पण अक्काचे हसू थांबले ते तिथे.

पुढचे दोन दिवस तिने रांगोळी काढली. मी उंबऱ्यावर होतो. स्टेशनकडे जाणारे लोक आमच्या फाटकापाशी पावले हळू करत होते. पूर्वीही करत, पण पूर्वी नजर जमिनीवर जाई. आता ती जमिनीवरून वर अक्काकडे जाई. नागापाशी आल्यावर तिची चिमूट थांबली. मी तिचा हात थांबलेला त्याआधी कधी पाहिला नव्हता. तिने नाग काढला, पुसला, पुन्हा काढला. रेघेला सुरुवात दिसली, शेवट दिसला. ती उठून आत आली आणि शनिवारी तिने काढलीच नाही.

संध्याकाळी मी आणि ती ओट्यावर बसलो होतो. ती म्हणाली, "मी काढताना काय विचार करते ते त्यांना कसं कळलं?" मी म्हणालो, त्यांना काही कळलेले नाही. ती म्हणाली, "मला तरी कुठे कळतं? मी विचारच करत नाही काढताना. हात चालतो." आणि मग, अगदी हळू, "मग तेच खरं असेल का रे?"

माझ्या रागाचे कारण कोणी विचारले तर मी हे वाक्य सांगेन. व्याख्यान नव्हे, टाळ्या नव्हेत, खाकरणारा तो माणूसही नव्हे. नवऱ्याने सोडल्यावर जिने स्वतःबद्दल एकदाही संशय घेतला नव्हता, तिला त्या माणसाने तिच्या हाताबद्दल संशय घ्यायला लावला. तिच्यापाशी एक जागा होती जिथे तिला कोणी सोडलेली बाई म्हणत नव्हते. तिथेही त्याने तिच्या नवऱ्याला आणून बसवले.

मी पुढे ती पुस्तके वाचली. ठाण्याला शाळा सुटल्यावर वाचनालयात बसून, शब्दकोश घेऊन, दोन वर्षे वाचली. त्यांत काही फोल आहे हे दाखवावे अशा हेतूने सुरुवात केली होती. तसे झाले नाही. ज्यांनी ते शास्त्र उभे केले ती माणसे मोठी होती. दुःख बोलता आले नाही की ते शरीरात शिरते, हे त्यांनी पाहिले होते, आणि आमच्या घरात मीही ते पाहिले होते. पण पानापानावर मला एक गोष्ट दिसली. तिथे बोलतो तो दुखावलेला माणूस. वैद्य ऐकतो. स्वप्नाचा अर्थ, ज्याला स्वप्न पडले त्याला विचारल्याशिवाय लागत नाही. साप कोणाला भीती असेल, कोणाला देव, कोणाला गावच्या बांधावरची आठवण. विचारावे लागते. आणि विचारले तर ते खोलीत राहते, सभेत जात नाही. आमच्या प्रोफेसरांनी अक्काला एकदाही विचारले नव्हते. फाटकापाशी उभे राहून, गाडीची वेळ होईपर्यंत, त्यांनी एका बाईचे मन वाचून टाकले. जे सर्वांचे होते ते त्यांनी तिचे ठरवले. हे शास्त्राचे पाप नाही. हे त्यांचे आहे, आणि ऐकून घरी जाऊन जेवलेल्या सगळ्यांचे आहे.

आणि अक्काचे स्वतःचे असे त्या चैत्रांगणात काही होतेच. एक लहानशी गोष्ट, आजीच्या आणि आईच्या रांगोळीत नसलेली, कल्याणहून आल्यानंतरच्या पहिल्या चैत्रात सुरू झालेली. मला ती दिसली होती. प्रोफेसरांना दिसली नाही. त्यांना काय घरचे आणि काय तिचे हेच ठाऊक नव्हते तर दिसणार कुठून? ती कोणती ते मी इथे लिहिणार नाही. लिहिले तर वाचणारा लगेच अर्थ लावू लागेल, मीही लावू लागेन. मी तिलाही कधी विचारले नाही. ते तिने जमिनीवर ठेवले होते आणि संध्याकाळपर्यंत पायांनी पुसले जात होते, आणि तिला ते तसेच हवे होते असे मला वाटते. कलेपाशी उभे राहण्याची एक रीत अशीही आहे की पाहावे आणि गप्प राहावे. आईला ती येत होती. विहिरीवरच्या बायकांना येत होती.

त्या वर्षी उरलेला चैत्र आईने रांगोळी काढली. तिचे हात कापत. शेजारच्या एका म्हाताऱ्या बाईंनी अक्काला टोमणा मारला, "आता मोठी माणसं नावाजायला लागल्यावर तू कशाला वाकशील अंगणात?" पुढच्या वर्षी अक्काने स्वस्तिक आणि लक्ष्मीची पावले काढली आणि म्हणाली, "एवढं पुरे." त्याच्या पुढच्या वर्षी तेही नाही. हळदीकुंकवाची बोलावणी येत राहिली, ती जाईनाशी झाली. ती आजारी नव्हती. भांडत नव्हती. काम सगळे करी. दुपारी मात्र हात मांडीवर ठेवून बसे, आणि ते हात मला बघवत नसत.

ती गेली ती पोटाच्या दुखण्याने. आजार महिनाभराचा. डॉक्टरांनी जे सांगितले ते आम्ही केले. रांगोळी थांबली म्हणून ती गेली असे मी म्हणणार नाही. तसे म्हणालो तर मीही प्रोफेसरांसारखाच होईन. ती रांगोळीशिवाय गेली एवढे म्हणतो. कल्याणहून कोणी आले नाही.

प्रोफेसर आले. समाचाराला सगळे येतात तसे, टोपी हातात घेऊन, सतरंजीच्या कडेला बसले. आई भिंतीकडे तोंड करून होती.  मग ते मला म्हणाले, "त्यांनी कला सोडली तेव्हाच मला काळजी वाटली होती. तो एकच मार्ग होता त्यांना."

मी त्यांच्याकडे पाहिले. त्यांच्या डोळ्यांत पाणी होते. ते खोटे नव्हते. त्यांना खरोखर काही आठवत नव्हते. त्या संध्याकाळचा आणि या सतरंजीचा काही संबंध असेल हे त्यांच्या मनाला शिवलेही नव्हते. दुसऱ्यांच्या विस्मरणांचे अर्थ लावणारा माणूस. मी त्यांना त्याची आठवण करून दिली नाही. बोललो असतो तर त्यांनी मायेने माझ्याकडे पाहिले असते आणि मला पुन्हा 'प्रतिकार' हा शब्द ऐकावा लागला असता, माझ्या बहिणीच्या दहाव्याच्या आत. मी म्हणालो, "आपण आलात, बरे वाटले." ते उठले, आईला दुरून नमस्कार केला, आणि गेले.

याला आता काही वर्षे झाली. प्रोफेसर मुंबईला राहायला गेले. वाचनालयात अजून व्याख्याने होतात; मी जात नाही. शाळेत चित्रकलेच्या तासाला दुसरे शिक्षक नसले तर मला बसावे लागते. मुले जे काढतात ते मी बघतो आणि पुढच्या मुलाकडे जातो. कोणी विचारले, सर, कसे आहे, तर चांगले आहे म्हणतो. मला स्वतःला चित्रापुढे उभे राहून पूर्वीसारखे थांबता येत नाही. आधी ते कशाचे आहे हा प्रश्न येतो, आणि तो आला की मी निघतो.

घरात आई आणि मी आहोत. गौर आम्ही आत बसवतो, दारात काही काढत नाही. माझा राग गेलेला नाही.